डेल्विनच्या बाजूला चेंडू जात नाही

टकर्स बेंड, मिसिसिपी
सोमवार, १२ सप्टेंबर १९९४

चि. डेल्विन यास ओझेला आत्याचे आशीर्वाद.

फोनच करणार होते, पण फोनवर तू हसून वेळ मारून नेतोस. कागदावर हसता येत नाही, म्हणून हे पत्र. खरं काय ते सांग. तुला संघातून काढून टाकलंय का रे?

काल उपासना सुटल्यावर आम्ही एकोणचाळीस माणसं चर्चमागच्या हॉलमध्ये टीव्हीपुढे बसलो. तळलेलं चिकन होतं, कोलार्डची भाजी होती, मक्याचा पाव मी स्वतः केला होता. तीन तास तुझ्या टोलेडो संघाचा फुटबॉल सामना बघितला. त्या बोलणाऱ्या बाबाने सगळ्यांची नावं घेतली. क्वार्टरबॅकचं घेतलं, त्याच्या बायकोचं घेतलं, तिच्या कुत्र्याचंसुद्धा घेतलं. मैदानात एक कबुतर उतरलं, तर त्या कबुतराबद्दल मेला दोन मिनिटं बोलत होता. तुझं नाव? एकदाही नाही! आणि तू दिसलासही नाहीस. ना डोकं, ना पाय.

मी म्हटलं, टीव्ही बिघडलाय. तर फ्लॉइड नेस्बिट उठला आणि टीव्हीच्या मागे वाकून बघायला लागला, जसा काही तू तिथे लपून बसलायस. सगळे हसले. फ्लॉइड नुसता न्हावी होता तोवर बरा होता. मेयर झाल्यापासून केस कापतानाही भाषण देतो, आणि आपली मान त्याच्या हातात असते म्हणून ऐकून घ्यावं लागतं.

आता मुद्द्याचं. गावाच्या पाण्याच्या टाकीचा रंग उडालाय. ‘डेल्विन बॅस्किनचं गाव’ मधलं ‘डेल्विन’ अर्धं गळून पडलंय. फ्लॉइड म्हणतो, नव्याने रंगवायचीच आहे तर जो माणूस टीव्हीवर दिसतो त्याचं नाव लिहू. पाच डिसेंबरला गावच्या पंचांचं मतदान आहे.

पाच वर्षं झाली, रोज सकाळी स्वयंपाकघराच्या खिडकीतून मी ती टाकी बघते आणि मग कॉफी ठेवते. तुझा बाप तुला माझ्या पदरात टाकून गेला तेव्हा लोक म्हणाले होते, ओझेलाला हे पोर झेपायचं नाही. ते नाव पुसलं गेलं तर मी कॉफी पिणं सोडीन.

तुझी आत्या

ता. क. डब्यात पिकानचे दाणे पाठवतेय. संघात नसलास तरी खा.


टोलेडो, ओहायो
१९ सप्टेंबर १९९४

प्रिय आत्या,

दाणे पोचले, आणि तुझं पत्र वाचताना एक दाणा घशातही अडकला.

अगं, मी संघात आहे! रोज आहे, पहिल्या मिनिटापासून शेवटच्या मिनिटापर्यंत आहे. मी कॉर्नरबॅक आहे, आणि माझं कामच असं आहे. समोरचा क्वार्टरबॅक लांबून चेंडू फेकतो, तो झेलायला त्यांचा रिसीव्हर माझ्या बाजूने पळतो. मी उलटा पळत त्याला चिकटून राहायचं, पण हात लावायचा नाही. मी चिकटलेला दिसलो की क्वार्टरबॅक दुसऱ्या बाजूला फेकतो. कॅमेरा चेंडूमागे जातो आणि बोलणारा बाबा कॅमेऱ्यामागे. मी मात्र तिथेच राहतो, टीव्हीच्या चौकटीच्या बाहेर, अगदी दोन पावलांवर.

पूर्वी माझ्याकडे फेकायचे गं. सुरुवातीला तर भरपूर. मग मी सुधारलो. जसजसा सुधारलो, तसतसा दिसेनासा झालो. यंदा तीन सामन्यांत माझ्या बाजूला एकदाही चेंडू आलेला नाही.

आणि हे शिकवलं कुणी? तूच ना! चर्चमध्ये तू सेवेकऱ्यांची प्रमुख, आणि मला पांढरे हातमोजे घालून मधल्या वाटेवर उभा केलास. आठव काय म्हणायचीस ते. ‘गाणं रंगलं की कुणाच्या तरी अंगात येणार. तोंडाकडे बघू नकोस, माणूस तोंडाने फसवतो. कमरेकडे बघ. कंबर फसवत नाही. पडायच्या आत तिथे पोच, आणि गरज पडल्याशिवाय हात लावू नकोस.’ हॅटी मोझलीसारखी अडीच माणसांची बाई मी पडू दिली नाही, तर हे रिसीव्हर म्हणजे काय? यांना निदान हात न लावताच अडवता येतं.

बाकी मजेत. इतका मोकळा वेळ असतो की रिसीव्हरशी गप्पा होतात. परवाचा एक जण सामना चालू असताना त्याच्या दाढदुखीचं सांगत होता. मी त्याला लवंगेचं तेल सुचवलं.

फ्लॉइडला सांग, टीव्ही ठीक आहे.

तुझा डेल्विन


टकर्स बेंड
२६ सप्टेंबर १९९४

चि. डेल्विन,

तुझं पत्र मी न्हाव्याच्या दुकानात मोठ्याने वाचून दाखवलं. चूक झाली.

फ्लॉइड म्हणाला, ‘म्हणजे ओझेला, तुझा भाचा अशा जागी उभा राहतो जिथे काही येत नाही, आणि तो उभा आहे म्हणून येत नाही. मग माझी सासूसुद्धा कॉर्नरबॅक आहे. तिच्या खोलीतही कुणी फिरकत नाही.’ दुकानभर हशा पिकला. एकाच्या गालाला वस्तरा लागला तरी तो हसत होता.

मी तणतणत घरी आले. पण खरं सांगू? वाटेत मलाही वाटलं, हे काय रे काम! शेतात बुजगावणं असतं, त्याला निदान पाखरं तरी बघतात. तू खोटं बोलतोस असं मी म्हणत नाही. पण तू सात वर्षांचा असताना फुलदाणी फोडलीस, तेव्हाही असंच लांबलचक समजावून सांगितलं होतंस, वाऱ्याचा जोर आणि काय काय.

मला पुरावा हवा. कुणातरी परक्या माणसाचं पत्र आण, की बाबा हो, डेल्विन बॅस्किन नावाचा माणूस मैदानावर असतो. मी ते पंचांपुढे ठेवते.

आणि एक सुचवू का? रागावू नकोस. एकदा, एकदाच, जरा गाफील राहा ना रे. एक चेंडू येऊ दे. त्याने कुणाचं काय बिघडणार आहे?

आत्या


ओमाहा, नेब्रास्का
१० ऑक्टोबर १९९४

आदरणीय ओझेलाबाई,

मी रॉस्को व्हिटफील्ड. ओमाहा संघाचा रिसीव्हर, वजन, उंची, बाकी तपशील तुम्हाला नकोत. दोन ऑक्टोबरला मी तुमच्या भाच्याबरोबर तीन तास होतो. बरोबर म्हणजे अगदी बरोबर. माझी बायकोसुद्धा लग्नापासून सलग तीन तास माझ्या इतकी जवळ राहिलेली नाही.

त्याने मला पत्र लिहायची विनंती केली. आधी मी नाही म्हटलं. स्वतःच्या फजितीचा दाखला कोण स्वतः लिहून देतो हो? पण मग त्याने तुमचं पत्र दाखवलं, आणि मला माझी आई आठवली.

तर मी शपथेवर लिहितो. मी चेंडू झेलण्यासाठी जन्माला आलो, असं माझी आई सांगते. त्या रविवारी मी नुसता व्यायाम केला. डावीकडे गेलो, हा तिथे. उजवीकडे गेलो, हा आधीच तिथे. एकदा मी पाणी प्यायला बाहेर गेलो, तर पेला याने पुढे केला. आमच्या क्वार्टरबॅकने माझ्याकडे एकदा फक्त बघितलं, तेही खेदाने. शेवटी आम्ही मधमाश्यांवर बोललो. मी पेट्या पाळतो. तुमच्या भाच्याला राणीमाशीबद्दल पुष्कळ प्रश्न होते.

तो आहे. मी हात लावून बघितलं नाही, कारण नियमात बसत नाही. पण तो आहे.

आपला,
रॉस्को व्हिटफील्ड

ता. क. तुमच्याकडून उलट एक पत्र माझ्या आईला जाईल का? तिलाही वाटतंय की मला काढून टाकलंय. त्या दिवशी टीव्हीवर माझंही नाव आलं नाही. पत्ता सोबत जोडला आहे.


मेयर यांचे कार्यालय (केशकर्तनालयाच्या मागील खोली)
टकर्स बेंड, मिसिसिपी
१ नोव्हेंबर १९९४

श्रीयुत डेल्विन बॅस्किन यांस,
सविनय कळविण्यात येते की,

आपल्या आत्याबाईंनी पंचांपुढे एकूण चार पत्रे सादर केली. चारही पत्रे प्रतिस्पर्धी संघांच्या रिसीव्हरांची आहेत. त्यांपैकी एक रिसीव्हर रडका आहे. पंचांनी पत्रे पूर्ण वाचली, त्यातील मधमाश्यांची माहिती उपयुक्त वाटली, परंतु पुरावा म्हणून ती स्वीकारता येत नाहीत. ज्यांना काहीच करता आले नाही अशा लोकांची साक्ष कोणत्या कामाची, असा प्रश्न पंच क्रमांक तीन यांनी उपस्थित केला.

सबब असा ठराव झाला आहे : पाच डिसेंबरपूर्वी टीव्हीवर ज्याचे नाव स्पष्ट उच्चारले जाईल आणि ते किमान दोन पंच आपल्या कानांनी ऐकतील, त्याचेच नाव टाकीवर राहील.

माहितीसाठी कळवितो की, राज्याच्या जत्रेत डुकरांना हाळी देण्याच्या स्पर्धेत आपल्या गावचे लुडेल क्रंप पहिले आले असून ते टीव्हीवर चाळीस सेकंद दिसले आहेत. आमच्या घरच्या टीव्हीवर त्या वेळी आवाज बंद होता, तरी चित्रमुद्रण मागविले आहे.

डेल्विन, हे झालं सरकारी. आता मनातलं सांगतो. पहिल्यांदा तुझे केस मी कापले, तेव्हा तू रडला होतास. माझा तुझ्यावर राग नाही. पण बाबा, दिसायला हवं ना काहीतरी! लोक मला विचारतात.

आपला नम्र,
फ्लॉइड नेस्बिट, मेयर व केशकर्तक


टोलेडो
१४ नोव्हेंबर १९९४

प्रिय आत्या,

फ्लॉइडकाकांचं पत्र आलं. मी आजवर तुझ्यापासून दोन गोष्टी लपवल्या. आज दोन्ही सांगून टाकतो.

पहिली. माझा करार या मोसमाअखेर संपतोय आणि तो पुढे वाढेल असं दिसत नाही. संघाच्या मालकांनी मला बोलावलं. त्यांच्यापुढे एक कागद होता, त्यावर प्रत्येकाच्या नावापुढे आकडे. माझ्यापुढे सगळीकडे शून्य. झेल शून्य, अडवलेले चेंडू शून्य. ते म्हणाले, ‘पोरा, तू नेमकं करतोस काय?’ प्रशिक्षकांनी समजावून सांगितलं. मालक मान डोलावत ऐकत राहिले आणि म्हणाले, ‘बरं, पण करतोस काय?’

म्हणून मी गेला महिनाभर चेंडू यावा म्हणून जिवाचा आटापिटा करतोय. मुद्दाम लांब उभा राहिलो. त्यांना वाटलं सापळा आहे, फेकला नाही. बुटाची नाडी बांधत खाली बसलो, फेकला नाही. एकदा लंगडलो, तर समोरच्या क्वार्टरबॅकने बोट दाखवून आपल्या लोकांना सावध केलं, ‘बघा, लंगडतोय, नक्कीच काहीतरी शिजतंय!’ आत्या, चेंडू कसा दिसतो तेही विसरत चाललोय मी. दुकानातून एक विकत आणला आणि स्वयंपाकघरात फळांच्या टोपलीत ठेवलाय. जाता-येता हात लावतो.

आता दुसरी गोष्ट. तुम्ही टाकी रंगवलीत तो दिवस आठवतो? माझं दुसरं वर्ष. टीव्हीवर माझं नाव तीनदा आलं होतं. तू सांगितलं होतंस की हॉलमध्ये लोक बाकांवर चढून नाचले, आणि फ्लॉइडकाका त्याच संध्याकाळी शिडी घेऊन टाकीवर गेले. आत्या, तो बाबा माझं कौतुक करत नव्हता. मी तीनदा फसलो होतो. तीनदा रिसीव्हर माझ्या डोक्यावरून चेंडू घेऊन गेला, आणि तीनदा तो म्हणाला, ‘डेल्विन बॅस्किन पुन्हा मागे पडला.’ तुम्ही टाळ्या वाजवत होतात, म्हणून पुढचं ऐकू गेलं नसेल. तो माझा सगळ्यात वाईट दिवस होता. गावाने तो माणसाच्या उंचीच्या अक्षरांत लिहून ठेवला. आणि सांगायची माझी हिंमत झाली नाही.

तर मी ठरवलंय. चार डिसेंबरला इथे ओमाहाशी सामना आहे. रॉस्को येईल. मी खराखुरा पडणार आहे. पाय घसरून, उताणा. रॉस्को झेलेल, बाबा नाव घेईल, पंच ऐकतील. टाकी तशी चूक झाल्यावरच रंगवली होती, आता चूक करूनच राखू. तुझी कॉफी चालू राहिली म्हणजे झालं.

डेल्विन


टकर्स बेंड
सोमवार, २८ नोव्हेंबर १९९४

डेल्विन, बाळा,

पडू नकोस. सगळ्यात आधी हे वाच. पडू नकोस!

आता काय झालं ते सांगते. तुझं पत्र मी पंधरा वेळा वाचलं. काल उपासनेतही ते गीतांच्या पुस्तकात घालून नेलं. मी मधल्या वाटेवर उभी, हातमोजे घातलेले, डावी मूठ पाठीवर, सगळं रीतीप्रमाणे. पण डोळे तुझ्या पत्रात. तेवढ्यात हॅटी मोझलीचं गाणं रंगलं. तिची कंबर हलली असणार. मी बघितलीच नाही रे! एकतीस वर्षांत पहिल्यांदा बघितली नाही. हॅटी हात वर करून गर्रकन फिरली आणि धाडकन पडली, ती थेट फ्लॉइड नेस्बिटच्या अंगावर.

हॅटीला काही झालं नाही. ती पडल्या पडल्याही गात होती. फ्लॉइडच्या खांद्याचं हाड मोडलं.

आणि मग ऐक काय झालं. सगळं चर्च एका आवाजात ओरडलं, ‘ओझेला कुठाय? ओझेला कुठे होती?’ पाळकसाहेबांनी व्यासपीठावरून माझं नाव घेतलं. एकतीस वर्षांत कधी घेतलं नव्हतं. मी एकतीस वर्षं माणसं झेलली, कुणाला माझं नाव आठवलं नाही. एक बाई पडू दिली, तर आज गावातल्या कुत्र्यांनाही माझं नाव पाठ झालंय. मी तिथे उभी राहिले आणि मला तुझ्या त्या तीन वेळांची आठवण झाली. रडू आलं मला, सगळ्यांपुढे.

मूर्ख बाई आहे मी. ज्या पोराला मी स्वतः शिकवलं, त्यालाच म्हणत होते, जरा गाफील राहा. कशासाठी? टीव्हीतल्या एका बाबाने नाव घ्यावं म्हणून! ज्याने कबुतराचंही कौतुक केलं, त्याच्या तोंडाला काय किंमत? पुसू दे ती टाकी. माझं काही अडत नाही. कॉफी पिताना मी दुसऱ्या खिडकीत बसेन.

सोबत हातमोजे पाठवतेय. माझेच आहेत, पांढरे, सुती. कालनंतर ते मला घालवेनात. तू घाल. रविवारी तुझ्या बाजूला कुणी पडता कामा नये, तू तर मुळीच नाही.

आत्या


टोलेडो
५ डिसेंबर १९९४

प्रिय आत्या,

तुझं पत्र शनिवारी दुपारी मिळालं. मोजे जरा घट्ट होतात. सामान सांभाळणारे म्हातारबुवा म्हणाले, हे वाढप्याचे मोजे घालून कुठे निघालास? मी म्हटलं, कामावर.

घोटाळा असा की रॉस्कोला मी आधीच फोन करून सांगून ठेवलं होतं. त्यामुळे तो दर खेपेला पळता पळता विचारायचा, ‘आता?’ मी म्हणायचो, ‘नाही.’ पुढच्या खेपेला पुन्हा, ‘आता पडतोस?’ ‘नाही रे, बेत रद्द झाला.’ तो भडकला. ‘अरे, माझी आई बघतेय! ती तुझ्या आत्याला पत्रं लिहायला लागलीय, दोघी मिळून आपल्या दोघांवर संशय घेतायत!’ मी माफी मागितली. मग तो चिडून खरंच जोरात पळायला लागला. इतका चांगला पळताना मी त्याला कधी बघितलं नव्हतं.

शेवटची दोन मिनिटं उरली. ओमाहा मागे होतं. त्यांच्या क्वार्टरबॅकला दुसरीकडे कुठेच वाट मिळेना. त्याने माझ्याकडे बघितलं. आत्या, यंदाच्या अख्ख्या मोसमात पहिल्यांदा! रॉस्कोने डोळे उजवीकडे फिरवले, मान उजवीकडे, खांदासुद्धा उजवीकडे. कंबर डावीकडे होती. मी डावीकडे गेलो.

चेंडू आला. मी नीट बघितला, तपकिरी होता, आमच्या फळांच्या टोपलीतल्यासारखाच. रॉस्कोच्या हातात पडायच्या आत तो मी खाली पाडला; जमिनीला लागला की फेक बाद. बाबा म्हणे एवढंच म्हणाला, ‘फेक वाया गेली.’ नाव नाही. तेव्हा टाकीचं काय व्हायचं ते होवो. मला माफ कर.

मालकांनी सामना संपताच करार संपल्याचं सांगितलं. ‘एक चेंडू आला, तोही टाकलास,’ म्हणाले. मी मोजे काढत होतो, तेवढ्यात ओमाहाचे म्हातारे प्रशिक्षक आत आले. मला म्हणाले, ‘तीन वर्षं मी तुझ्याशी खेळायचे बेत आखतो. कागदावर मैदान काढतो आणि तुझी अर्धी बाजू आधीच खोडून टाकतो. म्हातारपणी अर्ध्या कागदावर लिहायचा कंटाळा आलाय. पुढल्या वर्षी आमच्याकडे ये.’ मी हो म्हटलं. रॉस्को मला मिठी मारून म्हणाला की आता सरावातही त्याला रोज मीच भेटणार, आणि मग त्याने कपाळाला हात लावला.

तुझा डेल्विन


टकर्स बेंड
१९ डिसेंबर १९९४

चि. डेल्विन,

तू लिहिलंस, चेंडू पाडला. आम्ही काय बघितलं ते तुला माहीत नाही, म्हणून सांगते.

रविवारी हॉलमध्ये साठ माणसं होती. फ्लॉइड गळ्यात हात बांधून पहिल्या खुर्चीवर. हॅटी त्याच्या शेजारी बसली होती म्हणून त्याने खुर्ची बदलली. शेवटची दोन मिनिटं आली. चेंडू उंच गेला, कॅमेरा त्याच्यामागे गेला, रॉस्कोचे हात दिसले. आणि टीव्हीच्या कडेवरून एक हात आत आला. पांढरा मोजा घातलेला. त्याने चेंडूला हलकेच खाली बसवलं, पाळकसाहेबांच्या खुर्चीवरची उशी सारखी करावी तसं. दुसऱ्या क्षणी त्या हातामागचं अंग दिसलं, आणि बाळा, तुझी डावी मूठ पाठीवर होती! पळता पळता! मी शिकवली तशी, अंगठा आत.

तो बाबा म्हणाला, फेक वाया गेली. आम्ही नऊ सेवेकरी बायका एकदम उठून उभ्या राहिलो. कुणी कुणाला सांगितलं नव्हतं. नऊ मुठी पाठीवर. कुणी टाळी वाजवली नाही, आम्ही कामावर असताना टाळ्या वाजवत नाही. फ्लॉइडने मागे वळून आमच्याकडे बघितलं, मग टीव्हीकडे बघितलं, आणि हळूच म्हणाला, ‘ओझेला, हा आपला पोरगा रोज हेच करतो?’ मी म्हटलं, ‘रोज.’ तो म्हणाला, ‘त्या रविवारी हा मधल्या वाटेवर असता, तर माझा खांदा शाबूत असता.’ माझा ऊर भरून आला होता रे. टाकी रंगवली तेव्हाही इतका आला नव्हता.

आता मतदान. ठराव तो ठराव. तुझं नाव उच्चारलं गेलं नव्हतं, ते बाद. मग लुडेल क्रंपच्या चाळीस सेकंदांचं चित्रमुद्रण लावलं, या खेपेला आवाजासकट. तर जत्रेतल्या बोलणाऱ्या बाबाने लुडेलचं नाव घेतलंच नव्हतं! घेतलं होतं ते हाळी ऐकून धावत आलेल्या डुकरिणीचं, आणि तेही दोनदा, स्पष्ट. तिचं नाव प्रिन्सेस. नियमाप्रमाणे टाकीवर ‘प्रिन्सेसचं गाव’ लिहायला हवं होतं. पंच क्रमांक तीन म्हणाले, नियम म्हणजे नियम. चर्चच्या बायका म्हणाल्या, लिहूनच दाखवा. दोन तास भांडण झालं. लुडेल म्हणाला, ती डुकरीण आपल्या गावचीही नाही, शेजारच्या तालुक्यातली आहे. तेव्हा कुठे सगळे थंड झाले. शेवटी टाकी पूर्ण पांढरी रंगवायची आणि कोरी ठेवायची असं ठरलं. फ्लॉइडने स्वतः डाव्या हाताने मत दिलं.

परवा रंग वाळला. पांढरीफेक दिसते. मी कॉफी त्याच खिडकीत पिते.

नाताळाच्या आसपास सुट्टी मिळाली तर ये. हॅटी यंदा दोन गाणी म्हणणार आहे आणि फ्लॉइड पहिल्या बाकावर बसायला तयार नाही. मधली वाट तुझ्यासाठी मोकळी ठेवलीय. मोजे घेऊन ये. रॉस्कोच्या आईने मधाची बाटली पाठवलीय, तीही उघडायची राहिलीय.

तुझी आत्या

ता. क. काल पेट्रोलपंपावर एक परगावचा ट्रकवाला टाकीकडे बघत उभा होता. मला म्हणाला, ‘बाई, प्रत्येक गावाच्या टाकीवर काहीतरी लिहिलेलं असतं. तुमच्या टाकीवर काहीच कसं नाही?’ मी म्हटलं, ‘ती माझ्या भाच्याची बाजू आहे. तिकडे काही जात नाही.’